मुरुमांसारख्या पुरळावर बुरशीनाशक शाम्पू : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

छाती, पाठ, खांदे आणि कपाळ यांवर येणाऱ्या, मुरुमांसारख्या दिसणाऱ्या पण मुरुमांच्या औषधांना दाद न देणाऱ्या पुरळाविषयी हे प्रश्न आहेत. त्याचे वैद्यकीय नाव मॅलासेझिया फॉलिक्युलायटिस. बोलताना बरेच जण त्याला ‘फंगल ॲक्ने’, म्हणजे बुरशीचे मुरूम, म्हणतात आणि नावातल्या या घोळामुळेच महिनोन्‌महिने मुरुमांचे औषध लावत राहतात. मी डॉक्टर नाही. या पुरळाने दीड वर्ष हैराण झाल्यानंतर त्याविषयी मिळेल ते समजून घेत गेलो. त्यामुळे जिथे डॉक्टरांकडे जाणेच योग्य आहे, तिथे तसे स्पष्ट लिहिले आहे.

कोंड्यासाठीचा शाम्पू पाठीवर कशासाठी लावायचा?

कोंडा आणि हे पुरळ या दोहोंच्या मुळाशी एकाच कुळातील बुरशी आहे. मॅलासेझिया ही यीस्ट प्रकारची बुरशी जवळजवळ प्रत्येक प्रौढ माणसाच्या त्वचेवर असतेच, आणि एरवी तिचा काही उपद्रव नसतो. स्वतःला लागणारी स्निग्धाम्ले (फॅटी ॲसिड) तिला तयार करता येत नाहीत, म्हणून ती त्वचेतून पाझरणाऱ्या तेलावर जगते. आणि हे तेल टाळू, कपाळ, छाती व पाठीचा वरचा भाग येथे सर्वाधिक असते. टाळूवर तिच्यामुळे कोंडा होतो. छाती-पाठीवर फिकट किंवा तपकिरी चट्टे उठले की त्यांना आपण शिबे म्हणतो. आणि हीच बुरशी केसाच्या मुळाशी असलेल्या बारीक नळीत, म्हणजे रोमकूपात, वाजवीपेक्षा जास्त वाढून तेथे दाह झाला की मुरुमासारखी पुटकुळी वर येते.

शाम्पू सोयीचा पडण्याचे आणखी एक साधे कारण आहे. पाठीसारख्या मोठ्या आणि हात न पोहोचणाऱ्या भागावर क्रीम लावायचे म्हटले तर ट्यूब चार दिवसांत संपते आणि लावून देणारे दुसरे माणूस लागते. फेस मात्र सहज पसरतो आणि केसाळ छातीवरही त्वचेपर्यंत पोहोचतो.

हे मुरूम आहेत की बुरशीचे पुरळ, हे कसे ओळखावे?

पहिली खूण खाज. मुरूम दुखतो, ठणकतो, पण सहसा फारसा खाजत नाही. बुरशीचे पुरळ खाजते, आणि घाम आल्यावर, उन्हातून आल्यावर किंवा रात्री पंखा बंद पडल्यावर ही खाज असह्य होते.

दुसरी खूण एकसारखेपणा. चांगल्या उजेडात, शक्य असेल तर घरातल्या कोणाला तरी पाठीचा जवळून फोटो काढायला सांगून, तो मोठा करून पाहावा. मुरुमांमध्ये सगळी सरमिसळ असते : कुठे काळ्या तोंडाचे बारीक कण, कुठे पांढरे कण, कुठे लाल फोड, कुठे खोलवरची दुखरी गाठ. बुरशीच्या पुरळात मात्र एक ते तीन मिलिमीटरच्या, जणू एकाच चाळणीतून पडल्यासारख्या, लालसर पुटकुळ्या दिसतात; त्यांतल्या काहींच्या टोकाला पांढरा ठिपका असतो. सावळ्या त्वचेवर हा लालसरपणा उठून दिसत नाही आणि पुटकुळ्या तपकिरी वाटतात, म्हणून रंगापेक्षा आकाराकडे लक्ष द्यावे. काळ्या तोंडाचे कण जवळजवळ नसणे ही माझ्या मते घरी पाहता येणारी सर्वांत उपयोगी खूण आहे.

तिसरी खूण जागा. मुरूम बहुतेक वेळा चेहऱ्याच्या मधल्या भागात, गालांवर आणि जबड्यावर येतात. हे पुरळ छातीचा मधला भाग, पाठीचा वरचा भाग, खांदे आणि दंडाची बाहेरची बाजू येथे येते. चेहऱ्यावर आले तर कपाळ, केसांच्या रेषेलगतचा भाग आणि हनुवटी धरते.

एवढे असूनही खात्री देता येत नाही, कारण एकाच पाठीवर दोन्ही एकत्र असू शकतात आणि ते दुर्मीळही नाही. बुरशीवर उपचार करून खाज थांबली आणि मूठभर गाठी तशाच राहिल्या, तर त्या गाठी मुरुमांच्या असण्याची शक्यता धरून डॉक्टरांना दाखवाव्यात.

घामोळे किंवा केसतूड यांपासून हे वेगळे कसे?

घामोळे घामाच्या ग्रंथींची तोंडे बुजल्याने येते, त्याचा केसाच्या मुळाशी संबंध नसतो, आणि थंडावा मिळाला की ते काही दिवसांत ओसरते. केसतूड बहुधा जिवाणूंमुळे होते. ते एकटे-दुकटे, मोठे आणि दुखरे असते. ताप येणे, पुटकुळीभोवती लाली झपाट्याने पसरणे किंवा गळवासारखा ठणका लागणे यांपैकी काहीही असेल तर शाम्पूचा विचार बाजूला ठेवून त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे.

मुरूम समजून घेतलेल्या अँटिबायोटिकने पुरळ उलट वाढले. असे होऊ शकते का?

होऊ शकते, आणि वैद्यकशास्त्राला ते अर्धशतकापूर्वीपासून ठाऊक आहे. टेट्रासायक्लिन घेणाऱ्या रुग्णांना मुरुमांसारखे पुरळ उठल्याचे वर्णन १९६९ मध्ये प्रसिद्ध झाले, आणि १९७३ मध्ये ‘पिटिरोस्पोरम फॉलिक्युलायटिस’ या नावाने या विकाराची स्वतंत्र नोंद झाली. पिटिरोस्पोरम हे मॅलासेझियाचेच जुने नाव. त्वचेवर जिवाणू आणि बुरशी शेजारी-शेजारी नांदत असतात. डॉक्सिसायक्लिन, मिनोसायक्लिन किंवा ॲझिथ्रोमायसिनसारख्या औषधांनी जिवाणूंची संख्या घटली की बुरशीला मोकळे रान मिळते.

माझ्या बाबतीत हेच घडले. पाठीवरच्या पुरळाला मुरूम समजून मला पाठोपाठ दोनदा डॉक्सिसायक्लिनच्या गोळ्या दिल्या गेल्या आणि दुसऱ्या खेपेच्या शेवटी पुटकुळ्या मानेपासून दंडापर्यंत उतरल्या. खाज येते का, एवढा एकच प्रश्न कोणी विचारला असता तर पुढचे कित्येक महिने वाचले असते. म्हणूनच सांगतो, डॉक्टरांनी विचारले नाही तरी खाजेचा उल्लेख आपणहून करावा, आणि गेल्या काही महिन्यांत घेतलेल्या अँटिबायोटिक व स्टेरॉइड औषधांची चिठ्ठी सोबत न्यावी. चालू असलेले अँटिबायोटिक मात्र स्वतःच्या मनाने बंद करू नये. ते कशासाठी दिले आहे ते विचारून निर्णय डॉक्टरांबरोबर घ्यावा.

तपासणी कशी होते? सुई टोचावी लागते का?

बहुतेक वेळा लागत नाही. त्वचारोगतज्ज्ञ एखाद्या ताज्या पुटकुळीचे टोक पात्याच्या कडेने हलकेच खरवडून काढतात, ते काचपट्टीवर ठेवून त्यावर पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकतात आणि सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. त्वचेच्या पेशी विरघळतात आणि बुरशीच्या गोल, कोंब फुटल्यासारख्या पेशी उरतात. कधी काचपट्टी रंगवून पाहतात. वुड्स लॅम्प नावाच्या दिव्याच्या जांभळ्या प्रकाशात अंधाऱ्या खोलीत पाठ पाहिली तर काही रुग्णांमध्ये रोमकूप पिवळट-हिरवे चमकतात. निदान अडलेच तर त्वचेचा बारीकसा तुकडा काढून तपासतात, पण ती वेळ क्वचितच येते. तपासणीला जाण्यापूर्वी काही दिवस बुरशीनाशक काहीही लावू नये, नाहीतर बुरशी असूनही सापडत नाही.

कोणता शाम्पू घ्यावा?

नावापेक्षा बाटलीवरचा औषधाचा घटक वाचावा. सर्वाधिक वापर २ टक्के केटोकोनॅझोलचा होतो. बुरशीच्या पेशीचे आवरण बांधण्यासाठी एर्गोस्टेरॉल हा पदार्थ लागतो. केटोकोनॅझोल त्याची निर्मिती अडवते, त्यामुळे ते आवरण गळके होते. दुसरा पर्याय २.५ टक्के सेलेनियम सल्फाइड. हे औषध बुरशीला आवरतेच, शिवाय त्वचेच्या पेशींची वाढ मंदावते. त्याला उग्र वास असतो, रंगवलेल्या किंवा पांढऱ्या केसांवर छटा चढू शकते आणि धातूचे दागिने काळवंडतात, म्हणून मंगळसूत्र, साखळी, अंगठी बाजूला काढून ठेवूनच ते वापरावे. झिंक पायरिथिऑन असलेले कोंड्याचे साधे शाम्पू सौम्य असतात. आटोक्यात आलेले पुरळ पुन्हा उसळू नये यासाठी ते चालतात, पण अंगभर उठलेल्या पुरळावर मी त्यांच्या भरवशावर राहणार नाही.

परदेशातील वाचकांनी एवढे लक्षात घ्यावे की अमेरिकेत १ टक्का केटोकोनॅझोलचा शाम्पू दुकानात सहज मिळतो, पण २ टक्क्यांसाठी डॉक्टरांची चिठ्ठी लागते. आणि युरोपीय संघात मार्च २०२२ पासून सौंदर्यप्रसाधनांमध्ये झिंक पायरिथिऑन वापरण्यास बंदी आहे.

तो नेमका कसा लावावा?

बहुतेकांची चूक इथेच होते. साबणासारखा चोळून लगेच पाणी ओतले तर औषधाला काम करायला वेळच मिळत नाही. औषध त्वचेवर पाच मिनिटे तरी राहिले पाहिजे, आणि त्वचेला सोसत असेल तर दहा.

मी पाळतो तो क्रम असा. आधी डोके धुऊन घ्यावे, कारण केसांचे तेल आणि कंडिशनर ओघळून पाठीवरच येते. मग पाठ-छाती साध्या पाण्याने ओली करून, दोन चमचे शाम्पूचा तळहातावर फेस करून तो पुरळाच्या जागी आणि सभोवती चार बोटे अंतरापर्यंत पसरावा. पाठीच्या मधोमध हात पोहोचत नसेल तर मऊ, ओल्या पंचावर फेस घ्यावा, पंचाची दोन टोके एक खांद्यावरून व एक कमरेजवळून धरावीत आणि पाठ न घासता तो हळू ओढावा. खरखरीत घासणी किंवा वजरी मुळीच वापरू नये. रोमकूप आधीच सुजलेले असतात आणि घासल्याने पुटकुळ्या फुटून डाग राहतात. त्यानंतर नळ बंद करून घड्याळाकडे पाहावे. थंडीच्या दिवसांत ही पाच मिनिटे फार लांब वाटतात, म्हणून तेवढ्या वेळात दात घासणे, दाढी करणे उरकावे. शेवटी भरपूर पाण्याने धुऊन अंग टिपून कोरडे करावे.

सुरुवातीला एक दिवसाआड लावून पाहावा. आठवड्याभरात आग किंवा कोरडेपणा जाणवला नाही तर काही डॉक्टर रोज लावायला सांगतात. त्वचा ताणल्यासारखी झाली तर दिवस कमी करावेत आणि अंघोळीनंतर ग्लिसरीन असलेले हलके, तेलविरहित लोशन लावावे. पहिल्या वेळी सगळ्या पाठीला लावण्याआधी दंडाच्या आतल्या बाजूस थोडासा लावून पाहिलेला बरा, कारण औषधाइतकीच त्यातील सुगंधाची आणि फेस आणणाऱ्या घटकांची ॲलर्जी असू शकते.

किती दिवसांत फरक पडतो, आणि किती दिवस वाट पाहावी?

आधी खाज उतरते, बहुधा पहिल्या एक-दोन आठवड्यांत. नवीन पुटकुळ्या येणे त्यानंतर थांबते, आणि आधीच्या पुटकुळ्या सुकायला आणखी वेळ लागतो. तीन ते चार आठवडे नियमाने लावूनही काहीच बदल नसेल, तर बाटली बदलून पाहण्यात वेळ घालवू नये. अशा वेळी एकतर निदान चुकलेले असते, किंवा बुरशी रोमकूपात इतकी खोल असते की वरून लावलेले औषध तिथवर पोहोचत नाही.

मग डॉक्टर गोळ्या देतात त्या कोणत्या? शाम्पूपेक्षा त्या बऱ्या का?

पसरलेल्या आणि जुन्या पुरळावर इट्राकोनॅझोल किंवा फ्लुकोनॅझोलच्या गोळ्यांचा परिणाम शाम्पूपेक्षा लवकर आणि जास्त दिसतो, कारण औषध रक्तातून थेट रोमकूपापर्यंत जाते. पण या गोळ्या यकृतावर ताण देऊ शकतात, अनेक औषधांशी त्यांचे जमत नाही, आणि हृदयाचे कार्य मंदावलेल्या रुग्णांना इट्राकोनॅझोल सहसा देत नाहीत. म्हणून शेजाऱ्याला दिलेल्या चिठ्ठीवर त्या आणून घेऊ नयेत. शाम्पूतले केटोकोनॅझोल सुरक्षित म्हणून त्याच्या गोळ्याही सुरक्षित असतील, असा एक गैरसमज आढळतो. यकृताला होणाऱ्या गंभीर इजेमुळे अमेरिका आणि युरोप येथील औषध नियामकांनी जुलै २०१३ मध्येच केटोकोनॅझोलच्या गोळ्यांविरुद्ध कडक पावले उचलली. त्वचेच्या साध्या बुरशीसाठी त्या घेण्याचे काही कारण उरलेले नाही.

चेहऱ्याला लावला तर चालेल का?

कपाळ आणि केसांच्या रेषेलगत चालतो, पण वेळ दोन-तीन मिनिटांवर आणावा, आठवड्यातून दोन-तीनदाच लावावा आणि डोळ्यांत जाऊ देऊ नये. गेलाच तर भरपूर पाण्याने डोळे धुवावेत. गाल आणि नाकाच्या कडा नाजूक असतात. तिथे डॉक्टरांनी दिलेले बुरशीनाशक क्रीम बरे. दाढी केल्यानंतर लगेच लावल्यास आग होते.

खोबरेल तेल लावणे बंद करावे का?

पुरळ असेपर्यंत त्या जागी तरी बंद करावे, असे माझे ठाम मत आहे. प्रयोगशाळेत ही बुरशी वाढवायची असेल तर तिला तेल पुरवावे लागते. पूर्वी त्यासाठी साध्या माध्यमावर ऑलिव्ह तेलाचा थर देत असत. खोबरेल तेलातील निम्म्याच्या आसपास भाग लॉरिक आम्लाचा असतो. सुट्या लॉरिक आम्लात बुरशीविरोधी गुण दिसतात हे खरे, पण बाटलीतल्या तेलात ते बांधलेल्या रूपात असते आणि या बुरशीकडे तेल फोडून त्यातली स्निग्धाम्ले वापरण्याची विकरे (एन्झाइम) असतात. शिवाय कोकणातल्या किंवा मुंबईतल्या दमट हवेत तेलाचा थर घाम आणि उष्णता कोंडून धरतो.

डोक्याला तेल लावायची सवय सोडवत नसेल तर रात्रभर ठेवण्याऐवजी न्हाण्याआधी तासभर लावून धुऊन टाकावे, आणि उशीचा अभ्रा वरचेवर बदलावा. कपाळावरचे पुरळ कित्येकदा त्या तेलकट अभ्र्यामुळे टिकून राहते. दिवाळीच्या अभ्यंगाचे तेल एक दिवसाचे असते, ते उटण्याने नीट निघाले तर त्याचा बाऊ करण्याची गरज नाही.

औषधाच्या दुकानात मिळणारे खाजेचे ‘मिक्स’ क्रीम लावले तर लवकर आराम पडतो. ते का नको?

कारण त्यात बहुधा क्लोबेटासोलसारखे तीव्र स्टेरॉइड असते. त्याने दोन दिवसांत लाली आणि खाज दबते, त्यामुळे औषध लागू पडले असे वाटते, पण त्या जागेची प्रतिकारशक्ती दबल्याने बुरशी फोफावते. स्टेरॉइड हे स्वतःच या पुरळाचे एक प्रमुख कारण आहे, मग ते लावण्याचे असो वा पोटात घेण्याचे. गजकर्णावर अशी क्रीम लावून तो हाताबाहेर गेलेले रुग्ण महाराष्ट्रातल्या कुठल्याही त्वचारोग विभागात रोज दिसतात. केंद्र सरकारने २०१८ मध्ये स्टेरॉइड असलेली अनेक क्रीम चिठ्ठीशिवाय विकता येणार नाहीत असा नियम केला, तरीही काउंटरवर खाज म्हटली की तीच ट्यूब पुढे येते. ट्यूबवर बारीक अक्षरांत लिहिलेली नावे वाचावीत; ‘सोल’, ‘सोन’ किंवा ‘सोलोन’ असा शेवट असलेले नाव दिसले तर विचारल्याशिवाय लावू नये.

गरोदरपणात, किंवा मुलांना लावता येतो का?

टाळूला लावलेल्या २ टक्के केटोकोनॅझोल शाम्पूचे औषध रक्तात आढळत नाही, पण अंगभर लावल्यास ते रक्तात उतरल्याचे दिसले आहे. म्हणून गरोदर आणि स्तनपान करणाऱ्या स्त्रियांनी मोठ्या भागावर तो आपल्या मनाने लावू नये. वयात येण्याआधी त्वचेत तेल कमी असल्याने लहान मुलांमध्ये हे पुरळ सहसा होतच नाही. झाल्यास निदान आधी करून घ्यावे. मधुमेह असणारे, अवयवरोपण झालेले आणि प्रतिकारशक्ती दाबणारी औषधे घेणारे यांनीही घरगुती प्रयोगात वेळ घालवू नये.

बरे होऊन पुन्हा का येते? घरात इतरांना लागते का?

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे : लागत नाही. ही बुरशी घरातल्या सगळ्यांच्या त्वचेवर आधीपासूनच असते, त्यामुळे वेगळा टॉवेल ठेवणे स्वच्छतेसाठी चांगले असले तरी कोणाला दूर ठेवण्याची गरज नाही.

पण ती कायमची जातही नाही, आणि पुरळ परत येण्याचे कारण तेच. उपचाराने तिची संख्या उतरते. पावसाळ्यातले न वाळलेले कपडे, ऑक्टोबरचा उकाडा, पॉलिस्टरची जर्सी घालून केलेला व्यायाम, पाठीवर तासन्‌तास चिकटून राहिलेली बॅग यांमुळे ती पुन्हा वाढते. म्हणून पुरळ गेल्यावरही आठवड्यातून एकदा, आणि जून ते ऑक्टोबर या काळात हवे तर दोनदा, त्याच पद्धतीने शाम्पू लावत राहावा. घाम आल्यावर अंघोळ करता आली नाही तरी निदान बनियन बदलावे, आणि ते सुती असावे. मी हे एका हिवाळ्यात सोडून पाहिले; मार्चअखेर खांद्यांवर पुन्हा तीच बारीक रांग उठली.

पुटकुळ्या गेल्या, पण काळपट डाग राहिले. शाम्पू वाढवू का?

नको. ते डाग दाहानंतर त्वचेत उरलेल्या रंगद्रव्याचे असतात, बुरशीचे नव्हेत, आणि जादा शाम्पूने त्वचा कोरडी होऊन ते अधिकच गडद होऊ शकतात. उघड्या भागावर सनस्क्रीन लावावे आणि पुटकुळ्या खाजवणे टाळावे. आपल्याकडच्या वर्णाला ते फिके व्हायला काही महिने लागतात. नवीन पुटकुळी नसतानाही डाग वाढत असतील, किंवा त्यांवर बारीक कोंडा सुटत असेल, तर ते शिबे असू शकतात, आणि त्यासाठी पुन्हा एकदा दाखवून घ्यावे.